कडक की मोकळं? नव्या सुपरवायझरसाठी चार घरांचा कागद

नव्यानं सुपरवायझर, टीम लीड, विभागप्रमुख किंवा मुख्याध्यापक झालेली माणसं माझ्याकडे प्रशिक्षणाला येतात. पहिल्या दिवशी चहाच्या सुट्टीत हमखास कुणीतरी बाजूला घेऊन विचारतं, "सर, माणसांशी कडक वागायचं की मोकळं सोडायचं? एक काय ते सांगा." प्रश्न मनापासून आलेला असतो. मीही तो घेऊन काही वर्षं फिरलो आहे. ज्याला या महिन्यात पहिल्यांदा माणसं सांभाळायला मिळाली आहेत, त्याच्यासाठी हे लिहितोय.

भोसरीतल्या एका मशीन शॉपमध्ये मला लाइन मिळाली, तेव्हा आदल्या दिवसापर्यंत मी त्याच लोकांबरोबर डबा खात होतो. साहेबगिरी करायची नाही, असं मनाशी ठरवलेलं. शिफ्ट सुरू झाली की पहिला जॉब, म्हणजे मशीनवर तयार झालेला पहिला भाग, गेज लावून मापात आहे का ते तपासायचं असतं. कुणी तपासायचं, कुणी नाही. मी बोलायचो नाही. रिजेक्शनचा लाल ट्रे भरत गेला आणि एका सकाळी वरिष्ठांनी मला सगळ्यांसमोर झापलं. त्याच आठवड्यात मी पार बदललो. चहाला किती मिनिटं, जागेवरून कोण उठलं, सगळं वहीत उतरवायला लागलो. "डोकं चालवायचं नाही, सांगितलं तेवढं करायचं," हे वाक्य माझंच. पंधरा दिवसांत ट्रे रिकामा दिसायला लागला आणि मला वाटलं, जमलं.

दोन महिन्यांनी एका गुरुवारी सकाळी एका लेथचं स्पिंडल, म्हणजे फिरणारा मुख्य दांडा, जाम झालेलं सापडलं. त्या मशीनवर आमचे सगळ्यात जुने ऑपरेटर होते, आम्ही त्यांना मामा म्हणायचो.

"मामा, बेअरिंगचा आवाज येत नव्हता?"

"येत होता की."

"कधीपासून?"

"सोमवारपासून."

"मग सांगितलं का नाही?"

मामांनी हात पुसायचं फडकं शांतपणे घडी करून खांद्यावर टाकलं. "सांगितलं तेवढंच करायचं, असं ठरलंय ना."

त्यांच्या आवाजात राग नव्हता, तेच मला जास्त लागलं. मोकळं सोडलं तर माल बिघडत होता, आवळलं तर माणसं मुकी होत होती. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. पुढे काही वर्षांनी एक साधी पद्धत हाती आली आणि तेव्हा कळलं, की शिस्त आणि मोकळीक ही एका प्रश्नाची दोन उत्तरं आहेत असं मी धरून चाललो होतो, तिथंच माझं चुकलं होतं. ती पद्धत आता एकेक पायरीनं सांगतो.

पायरी १: हा प्रश्न सुटणारा आहे का, ते बघा

बेअरिंग गेलं, नवं बसवलं, प्रश्न संपला. नवं मशीन घ्यायचं की जुनं दुरुस्त करायचं, हाही असाच प्रश्न. आकडेमोड करायची, ठरवायचं आणि पुढे जायचं. शिस्त आणि मोकळीक यांचं तसं होत नाही. आज काहीही ठरवलं तरी उद्या सकाळच्या शिफ्टला तोच पेच पुन्हा दारात उभा.

अमेरिकेतले सल्लागार बॅरी जॉन्सन यांनी हा फरक नीट पकडला आणि १९७५ मध्ये अशा पेचांसाठी एक नकाशा आखला. त्यांचं सोपं उदाहरण श्वासाचं आहे. श्वास घेणं चांगलं की सोडणं, असा वाद कुणी घालत नाही. घेतच राहिलं तर गुदमरायला होतं, सोडून थांबलं तरी तेच. शरीर दोन्हींमध्ये ये-जा करत राहतं. हृदयसुद्धा त्या तालात असतं, श्वास घेताना ठोके किंचित वाढतात आणि सोडताना कमी होतात.

तुमच्या पेचाला दोन प्रश्न विचारा. हा पेच पुन्हा पुन्हा येतो का? एकच बाजू धरून बसलं तर काही काळानं तिचेच फायदे नासायला लागतात का? दोन्हींचं उत्तर "हो" असेल तर ती जोडी आहे. कामाला वेळ आणि घराला वेळ, बोलणं आणि ऐकून घेणं, चालत आलेलं टिकवणं आणि नवं करून बघणं, एकेकाचं कौतुक आणि सगळ्यांचं मिळून यश, या सगळ्या जोड्याच आहेत.

इथं एक गोष्ट ठासून सांगायची आहे. सगळ्यातच दोन बाजू शोधायच्या नसतात. मशीनचं गार्ड काढून उत्पादन वाढवायचं का, एखाद्याच्या ओव्हरटाइमचे तास कमी लिहायचे का, बाई कामगाराला त्रास देणाऱ्याला "जाऊ दे, कामाचा माणूस आहे" म्हणून पाठीशी घालायचं का, या प्रश्नांना समतोल लागू होत नाही. तिथं एकच उत्तर असतं आणि ते लगेच द्यायचं असतं. समतोलाच्या नावाखाली चुकीच्या गोष्टी खपवलेल्या मी पाहिल्या आहेत. तुमच्या हातून ते होऊ देऊ नका.

पायरी २: दोन्ही बाजूंना चांगली नावं द्या

ही छोटी पायरी आहे, पण बहुतेक जण इथंच अडखळतात. कागदावर "विश्वास" आणि "हुकूमशाही" असं लिहिलं की निकाल आधीच लागलेला असतो. "शिस्त" आणि "बेशिस्त" लिहिलं तरी तेच. त्या बाजूच्या माणसानं स्वतः "हो, मला हेच हवंय" म्हणावं, असं नाव शोधा. आमच्या कागदावर "स्पष्ट नियम" आणि "मोकळीक" अशी नावं होती. आणि दोन नावांच्या मध्ये "की" लिहू नका, "आणि" लिहा.

पायरी ३: चार घरं आखा आणि दुखतंय तिथून भरा

कोरा कागद आडवा धरा. मधोमध एक उभी रेघ, एक आडवी रेघ. डावीकडे एक नाव, उजवीकडे दुसरं; आमच्याकडे डावीकडे "स्पष्ट नियम", उजवीकडे "मोकळीक". वरच्या दोन घरांत त्या त्या बाजूचे फायदे. खालच्या दोन घरांत त्या बाजूचा अतिरेक झाला, दुसरीचा विसर पडला, की काय बिघडतं ते. कागदाच्या माथ्यावर एक ओळ: दोन्ही बाजू नीट सांभाळल्या तर आपल्याला काय मिळवायचं आहे. तळाशी एक ओळ: दोन्ही हुकल्या तर कशाची सगळ्यात जास्त भीती वाटते.

भरताना क्रम महत्त्वाचा आहे. सुरुवात आत्ता जिथं दुखतंय त्या खालच्या घरापासून करा. माझा पेच स्पिंडल जाम झालं त्या दिवशीचा असता, तर डावं खालचं घर असं भरलं असतं: बिघाड दिसूनही कुणी सांगत नाही, माझ्याशिवाय काही हलत नाही, सुट्टीच्या दिवशी फोन वाजत राहतो.

मग तिरकं वर जा, उजव्या वरच्या घरात. मोकळीक मिळाली तर काय होईल? माणसं स्वतःहून बोलतील. सेटिंगचा वेळ कसा वाचेल ते सुचवतील. नवा पोरगा न घाबरता जुन्या माणसाला विचारेल.

या क्षणी मन म्हणतं, सापडलं उत्तर, चला, उद्यापासून मोकळं सोडू. बहुतेक माणसं कागद इथंच ठेवून देतात आणि काही महिन्यांनी उलट्या खड्ड्यात सापडतात. मी नेमकं हेच केलं होतं, फक्त उलट दिशेनं. म्हणून पेन खाली ठेवू नका, त्याच बाजूला खाली उतरा. उजवं खालचं घर: ज्याची त्याची पद्धत वेगळी, पहिला जॉब तपासला जात नाही, नीट काम करणाऱ्यावर कामचुकाराचा भार पडतो.

शेवटी पुन्हा तिरकं वर, डाव्या वरच्या घरात. हे घर मोकळ्या स्वभावाच्या माणसाला भरायला सगळ्यात जड जातं, आणि माझ्या मते सगळ्यात मोलाचं तेच. स्पष्ट नियमांनी काय मिळतं? नव्या माणसाला पहिल्या आठवड्यात धरायला काहीतरी असतं. साहेबांच्या मर्जीतला कोण, हा प्रश्न उरत नाही. जो बोलका नाही, ज्याची ओळख नाही, गावाकडून नुकताच आलाय, त्याला खरा आधार नियमाचाच असतो. "आपल्यात काय नियम" म्हणणारा सुपरवायझर सगळ्यात आधी याच माणसाला वाऱ्यावर सोडतो.

प्रत्येक घरात डोळ्यांनी दिसेल असंच लिहा. "शिस्त राहते" असं लिहून काही हाती लागत नाही. "पहिला जॉब तपासून रजिस्टरवर सही होते" हे दिसतं, मोजता येतं.

आता आपण कोणत्या वाटेनं गेलो ते बोटानं फिरवून बघा. खाली, तिरकं वर, सरळ खाली, पुन्हा तिरकं वर. आडवा पडलेला इंग्रजी आठचा आकडा होतो. पेच असाच फिरत राहतो. माणसांच्या मनातही हे घडतं. स्वित्झर्लंडचे मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांनी हेराक्लिटस या ग्रीक विचारवंताकडून एक शब्द उचलून १९२१ मध्ये ते मांडलं होतं: जाणिवेत एकच बाजू फार काळ राज्य करत राहिली की विरुद्ध बाजू नेणिवेत बळ धरते आणि एक दिवस उसळून वर येते. एका आठवड्यात मित्राचा जमादार झालो, तेव्हा माझ्या आत तेच झालं होतं.

पायरी ४: मध्य शोधू नका

"म्हणजे थोडं कडक, थोडं मोकळं, असंच ना सर?" नाही. निम्मे नियम आणि निम्मी मोकळीक म्हणजे दोन्हीकडचं अर्धवट. कोणता नियम पाळायचा आणि कोणता नाही, हे साहेबांचा चेहरा बघून ठरवायला लागणं, याहून वाईट काही नाही.

मला उलगडा झाला तो एका जुन्या अभ्यासामुळे. ओहायो स्टेट विद्यापीठातल्या संशोधकांनी विसाव्या शतकाच्या मध्याला माणसं सांभाळणाऱ्या वरिष्ठांच्या वागण्याची मोजदाद केली, तेव्हा काटेकोरपणा आणि आपुलकी या दोन वेगवेगळ्या गोष्टी निघाल्या. एक वाढली की दुसरी घटलीच पाहिजे, असं नाही. त्यांच्यातल्या एडविन फ्लाइशमन यांनी १९६२ मध्ये एडविन हॅरिस यांच्याबरोबर ट्रक बनवणाऱ्या एका कारखान्यातल्या ५७ फोरमनचा अभ्यास प्रसिद्ध केला. ज्या फोरमनकडे आपुलकी कमी, त्यांच्या हाताखाली तक्रारी जास्त, मग ते काटेकोर असोत वा नसोत. ज्यांच्याकडे आपुलकी भरपूर, त्यांनी काटेकोरपणा वाढवला तरी तक्रारी फारशा वाढल्या नाहीत.

हे मी वाचलं तेव्हा मामा आठवले. मी नियम आणले म्हणून ते गप्प झाले नव्हते. नियम आणताना मी त्यांच्याबरोबर डबा खाणं सोडलं होतं, विचारपूस सोडली होती.

घरातही हेच चालतं. डायना बॉमरिंड या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९६० च्या दशकात कॅलिफोर्नियात, बर्कलीला, बालवाडीच्या वयाची मुलं आणि त्यांचे आईबाप यांचा अभ्यास केला. धाकात ठेवणारे आणि सगळं चालवून घेणारे यांच्याशिवाय त्यांना तिसरे पालक दिसले. नियम पक्के, पण त्यामागचं कारण सांगणारे, मुलाचं म्हणणं ऐकणारे, मायेत हात न आखडणारे. ती मुलं जास्त स्वावलंबी दिसली. अमेरिकेतल्या, बहुतांशी मध्यमवर्गीय घरांवरचा हा अभ्यास आहे, तेवढं ध्यानात ठेवून वाचावा. पण हे तिसरे आईबाप धाक आणि लाड यांच्या मधल्या रेघेवर उभे नव्हते. त्यांनी दोन्ही हात वापरले.

तेव्हा कागदावर आता एकच प्रश्न: वरची दोन्ही घरं एकाच वेळी वाढवायला काय करता येईल? प्रत्येक घरासाठी दोन-तीन कामं लिहा, प्रत्येकासमोर नाव आणि वार. आमच्याकडे पुढे जे ठरलं ते असं. पहिला जॉब तपासल्याशिवाय लाइन सुरू होणार नाही, यात सूट कुणालाच नाही, मलाही नाही. शिफ्टच्या सुरुवातीची पाच मिनिटं "काल मशीननं काय सांगितलं" एवढ्यासाठीच, आणि त्यात सुपरवायझर सगळ्यात शेवटी बोलणार. मशीन बंद करायचा अधिकार ऑपरेटरचा, "का बंद केलं" हा प्रश्न नंतर आणि शांतपणे. यातलं शेवटचं काम मला फार आवडतं, कारण ते नियमही आहे आणि मोकळीकही.

पायरी ५: उलट बाजूच्या माणसाला कागदापाशी बसवा

हा कागद एकट्यानं भरला तर एक घर हमखास रिकामं राहतं. मोकळीक मागणाऱ्याला मोकळिकीचं खालचं घर दिसत नाही, नियम धरणाऱ्याला नियमांचं. जॉन्सन यांनीही दोन प्रकारची माणसं सांगितली आहेत: बदलासाठी झटणारी आणि चालत आलेलं राखणारी. बदलवाला "आडमुठा म्हातारा" म्हणतो आणि राखणदार "कालचं पोर". खरं तर राखणदाराला पलीकडचा खड्डा दिसत असतो आणि बदलवाल्याला आपण आत्ता उभे आहोत तो खड्डा. दोघांचीही नजर साफ असते, दोघंही निम्माच कागद बघत असतात.

बोलायचं कसं? आधी त्यांच्या भीतीला नाव द्या. "तुम्हाला वाटतंय, मोकळं सोडलं की रिजेक्शन वाढेल. ते एकदा झालंय, माझ्याच हातून झालंय." इतकं झालं की पुढचं विचारा, "ते होऊ न देता पोरांना बोलतं कसं करायचं, तुम्हीच सांगा." फायदे आधी सांगायला गेलात तर समोरचा आणखी घट्ट धरून बसतो. ताणलं की तुटतं.

वरच्या साहेबांनाही एकदा तरी कागद दाखवा. फ्लाइशमन यांच्याच १९५० च्या दशकातल्या दुसऱ्या एका अभ्यासात दिसलं होतं, की प्रशिक्षणात आपुलकी शिकून आलेले फोरमन कारखान्यात परतल्यावर पुन्हा आपल्या वरच्या साहेबांसारखेच वागायला लागले. तुमचा साहेब फक्त डाव्या बाजूचा असेल तर ते आधी ओळखून ठेवा, आणि त्याच्याशी बोलताना डाव्या वरच्या घरापासून सुरुवात करा.

पायरी ६: चाहूल लिहून ठेवा

स्पिंडल जाम होण्याआधी तीन दिवस आवाज येत होता. माणसांच्या बाबतीतही आवाज आधी येतो, फक्त कशाला कान द्यायचा ते ठरलेलं नसतं. दोन्ही खालच्या घरांशेजारी दोन-दोन खुणा लिहा, मोजता येतील अशा. नियम जास्त झाल्याच्या आमच्या खुणा: पाच मिनिटांच्या बैठकीत सलग तीन दिवस कुणी काही सांगितलं नाही, मी आलो की गप्पा थांबतात. मोकळीक जास्त झाल्याच्या: पहिल्या जॉबच्या रजिस्टरवर आठवड्यात दोन सह्या राहिल्या; एकच माणूस तिसऱ्यांदा दुसऱ्याचं काम निस्तरतोय.

खूण दिसली की दुसऱ्या बाजूचं एखादं काम थोडं वाढवा. हळूच. वीस गोष्टी एकदम बदलू नका. घाटात गाडी चालवणाऱ्याचे हात बघा, स्टिअरिंग सतत थोडं थोडं हलत असतं. ज्याला नवीन लायसन मिळालंय तोच जोरात फिरवतो.

पायरी ७: स्वतःचाही एक कागद

पहिल्या वर्षात नवा सुपरवायझर रात्री घरी जाऊन स्वतःला जे बोलतो, ते तो कुठल्या कामगाराला बोलला तर युनियन दारात येईल. "आपल्याला जमणार नाही, आपण त्या लायकीचेच नाही." दुसऱ्या टोकाला, "मी असाच आहे, माझा स्वभावच असा." या दोन्हींसाठी चार घरं आखा. डावीकडे "स्वतःला बदलणं", उजवीकडे "स्वतःला आहे तसं स्वीकारणं".

या जोडीवर एक उपचारपद्धतीच उभी आहे. मार्शा लिनेहन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ वॉशिंग्टन विद्यापीठात काम करत होत्या. जीव द्यावासा वाटणाऱ्या, अतिशय त्रासात असलेल्या लोकांवर त्यांनी आधी फक्त बदलावर भर देणारे उपचार करून पाहिले. लोकांना वाटलं, आमचं दुःख यांना दिसतच नाही, आमच्यातच खोट काढताहेत. मग फक्त समजून घेण्यावर भर दिला, तर लोकांना वाटलं, आम्ही इथं जळतोय आणि हे काहीच करत नाहीत. अखेर दोन्ही एकत्र गुंफले, आणि १९९३ मध्ये त्यांनी ती पद्धत सविस्तर मांडली. २०११ मध्ये लिनेहन यांनी जाहीरपणे सांगितलं, की तरुणपणी त्या स्वतः अशाच आजारातून गेल्या होत्या.

तुमच्यासाठी यातलं रोजचं काम छोटं आहे. दिवस वाईट गेला तर वहीत दोन ओळी लिहा, दोन्ही खऱ्या. "आज मी चिडलो, तीन जण गैरहजर होते, दमलो होतो, हे साहजिक होतं. आणि उद्या मी त्या पोराची माफी मागणार आहे." मध्ये "पण" लिहू नका. "पण" आला की पहिली ओळ पुसली जाते. मात्र झोप उडाली असेल, जगणंच नको वाटत असेल, तर कागदावर भिस्त ठेवू नका. त्याच दिवशी घरातल्या माणसाला सांगा आणि डॉक्टरांकडे जा.

कागद ठेवायचा कुठे

पहिल्यांदा भरायला दोघा-तिघांना मिळून पाऊण तास लागतो. पहिले तीन महिने दर पंधरा दिवसांनी दहा मिनिटं बघा, मग महिन्यातून एकदा पुरतं. नवा माणूस आला, नवा पार्ट सुरू झाला, शिफ्ट बदलली, की लगेच बघा, कारण खुणा बदलतात. लाइनजवळच्या बोर्डवर लावला तर उत्तम. आमचा पहिला कागद माझ्या ड्रॉवरमध्येच राहिला आणि तिथंच विसरला गेला.

आणि पेन्सिलीनं लिहा. मामा रिटायर झाले तेव्हा त्यांच्या लेथवर एकवीस वर्षांचा मुलगा आला. आयटीआय झालेला, हुशार, पण मशीन बंद करायला घाबरायचा. मामांच्या वेळी "ऑपरेटरनं स्वतः ठरवावं" एवढी ओळ पुरत होती. त्याच्यासाठी ती आम्ही खोडली आणि लिहिलं: "पहिला महिनाभर, आवाज वेगळा वाटला की आधी बंद कर, मग हाक मार." दुसऱ्याच आठवड्यात त्यानं हाक मारली. कूलंटचा पाइप सैल झाला होता, एवढंच. मी पाना आणून त्याच्या हातात दिला आणि तो पाइप आवळेपर्यंत शेजारी उभा राहिलो.